पूरसंरक्षक बांधाखाली गेलेल्या जमिनीचा मोबदला द्या

प्रति,
मा. संपादक,

विषय : पूरसंरक्षणाच्या कामांसाठी घेतलेल्या खासगी जमिनीचा मोबदला

महोदय,

स. न. वि. वि.

नागपुरात पुराचा विषय निघाला की बोलणे भिंतीवर येते. नाग नदीला दोन्ही काठांनी भिंत हवी, नाले रुंद हवेत, अंबाझरी तलावाच्या वरच्या अंगाला पाणी थोपवायला जागा हवी. २३ सप्टेंबर २०२३ च्या पहाटे काही तासांत शंभर मिलिमीटरहून जास्त पाऊस झाला, अंबाझरी ओसंडला आणि अंबाझरी ले-आउट, डागा ले-आउट, कॉर्पोरेशन कॉलनीतल्या लोकांच्या घरात ते झोपेत असताना पाणी शिरले. मोरभवन बसस्थानकात बसगाड्या बुडाल्या. माणसे दगावली. त्यानंतर अशा कामांची मागणी होणे रास्तच आहे आणि माझा या कामांना विरोध नाही. मला विचारायचे आहे ते त्यांच्या खालच्या जमिनीबद्दल. ती कोणाची आहे, आणि तिचे पैसे कामाच्या अंदाजपत्रकात कुठे आहेत?

मी भूमी अभिलेख खात्यातून निवृत्त झालेला भूकरमापक आहे. नोकरीचा बहुतेक काळ नागपूर जिल्ह्यातच गेला. कालवा, रस्ता, रेल्वे, विजेचे मनोरे, अशा सगळ्यांसाठी लोकांच्या जमिनी मोजल्या. रस्त्याच्या आणि कालव्याच्या कामात भूसंपादन असते हे आता सगळ्यांना ठाऊक आहे. लोक भांडतात, वाढीव मोबदल्यासाठी दावे लावतात, पण निदान फाइल असते. पूरसंरक्षणाच्या कामात मात्र मी अंदाजपत्रकात भूसंपादनापुढे ‘निरंक’ लिहिलेले पाहिले आहे. सिमेंटचा दर, लोखंडाचा दर, दगडाच्या पिचिंगचा दर, मजुरी, वाहतूक, सगळे ओळीने मांडलेले. जमीन निरंक. जणू भिंत पाण्यावरच उभी राहणार आहे.

माझ्या घरचीच गोष्ट सांगतो, कारण तिचे माप मी स्वतः घेतले आहे. आमची वडिलोपार्जित जमीन मौदा तालुक्यात कन्हान नदीच्या काठाला आहे. दादा आणि वहिनी ती कसतात. कन्हार माती आहे, वरच्या अंगाला धानाच्या बांध्या, नदीकडच्या पट्ट्यात मिरची, तूर आणि हिवाळ्यात हरभरा. ऑगस्ट २०२० च्या अखेरीस पेंचच्या धरणांचे दरवाजे उघडले आणि कन्हानला जो पूर आला, तो पारशिवनी, कामठी, मौदा आणि कुही तालुक्यांतल्या नदीकाठच्या कोणालाही सांगायला नको. आमच्या गावातही पाणी शिरले. त्यानंतर गाव वाचवायला मातीचा बांध घालायचे ठरले. गावाने ते मागितले होते आणि आम्हीही मागणाऱ्यांत होतो.

बांधाची रेषा आमच्या गटातून गेली. संबंधित कार्यालयातला माणूस आला, त्याने शंभर रुपयांच्या स्टॅम्प पेपरवर छापील मजकूर दाखवला. ‘सार्वजनिक हितासाठी तीन मीटर रुंदीच्या बांधास माझी विनामोबदला संमती आहे, भविष्यात कोणतीही मागणी करणार नाही’ अशा अर्थाचा. सरपंच सोबत होते, गावातली चार वडीलधारी मंडळी सोबत होती. पूर ओसरून फार दिवस झाले नव्हते. अशा वेळी नाही म्हणणारा माणूस गावाचा वैरी ठरतो. दादांनी सही केली. आमच्यासारख्याच आणखी काही जणांनी केली.

आता त्या तीन मीटरचे बघा. तीन मीटर ही बांधाच्या माथ्याची रुंदी. बांध तीन मीटर उंच आणि दोन्ही बाजूंचा उतार एकास दोन. म्हणजे एका बाजूला सहा मीटर, दुसऱ्या बाजूला सहा मीटर, वर माथ्याचे तीन. पायथ्याला पंधरा मीटर जागा जाते. आमच्या गटात बांधाची लांबी १२० मीटर भरते. संमती दिलेली जागा कागदावर ३६० चौरस मीटर, म्हणजे साडेतीन आरच्या आसपास. बांधाखाली प्रत्यक्ष गेलेली जागा १,८०० चौरस मीटर, म्हणजे १८ आर. मी पायथ्यापासून पायथ्यापर्यंत टेप धरून हे माप घेतले. कोणाही भूकरमापकाला दोन मिनिटांत कळणारी ही गोष्ट आहे. पण संमतीपत्र मोजणीच्या आधी लिहून घेतले होते आणि मोजणी कधी झालीच नाही. मोजणी नाही म्हणून ‘क’ प्रत, म्हणजे मोजणीचा नकाशा, नाही; ‘क’ प्रत नाही म्हणून फेरफार नाही. सातबाऱ्यावर ते १८ आर आजही दादांच्या नावाने लागवडीखाली दिसतात. सारा त्यांचा, मालकी त्यांची, आणि वर उगवते गाजरगवत.

वहिनी मला एकदा म्हणाल्या, ‘भाऊजी, वावर गेलं तं गेलं, गावाच्या कामी आलं. पण गेलं म्हणून कागदावर तं लिहा न कोणी.’ मी आयुष्यभर दुसऱ्यांच्या जमिनी कागदावर आणल्या. त्यांच्या या बोलण्याला माझ्याजवळ उत्तर नव्हते.

पैशांचा हिशेबही मांडतो. समजा आमच्याकडच्या जमिनीचा बाजारभाव हेक्टरी १५ लाख रुपये धरला. १८ आरचे होतात २ लाख ७० हजार. २०१३ चा भूसंपादन कायदा १ जानेवारी २०१४ पासून लागू आहे. त्यात ग्रामीण भागासाठी बाजारभावाला एक ते दोनचा गुणक आहे. दोनचा धरला तर ५ लाख ४० हजार. त्यावर शंभर टक्के दिलासा रक्कम, म्हणजे १० लाख ८० हजार. शिवाय बाजारभावावर वर्षाला १२ टक्के दराने जादा रक्कम. हे एका बाजूला. दुसऱ्या बाजूला, पुराने नदीचा प्रवाह बदलून जमीन वाहून गेली तर आपत्ती निधीच्या २०२२ पासूनच्या निकषांप्रमाणे अल्प आणि अत्यल्प भूधारकाला हेक्टरी ४७ हजार रुपये मिळतात. १८ आरचे ८,४६० रुपये. पण निदान काही मिळते. नदीने जमीन नेली तर आठ हजार, आणि सरकारने बांधासाठी नेली तर शून्य. आमच्या बाबतीत असे झाले आहे आणि मला ते कोणत्याही न्यायात बसवता येत नाही.

मोबदल्याचा विषय काढला की कार्यालयांतून दोन उत्तरे येतात. पहिले, ‘पावसाळा तोंडावर आहे, भूसंपादनाला दोन-तीन वर्षे लागतील, तोवर गाव बुडू द्यायचे का?’ हे उत्तर ऐकून लोक गप्प बसतात, म्हणून ते मुद्दाम खोडून काढतो. २०१३ च्या कायद्याच्या कलम ४० मध्ये तातडीच्या संपादनाची सोय आहे. ही तातडी फक्त देशाचे संरक्षण, राष्ट्रीय सुरक्षा, नैसर्गिक आपत्तीतून उद्भवलेली आणीबाणी आणि संसदेने मान्यता दिलेली इतर आणीबाणी यांच्यासाठीच वापरता येते. पूर ही नैसर्गिक आपत्तीच आहे. त्या कलमाखाली जिल्हाधिकारी लवकर ताबा घेऊ शकतात, मात्र ताब्याआधी अंदाजित मोबदल्याच्या ८० टक्के रक्कम शेतकऱ्याला द्यावी लागते, आणि ठरलेल्या एकूण मोबदल्यावर आणखी ७५ टक्के रक्कम द्यायची तरतूद आहे. म्हणजे घाई असेल तर कायदा वाट अडवत नाही. घाईची किंमत सरकारने भरावी एवढेच तो म्हणतो. शिवाय थेट वाटाघाटीने जमीन खरेदी करण्याचा मार्गही शासनाला मोकळा आहे. मग स्टॅम्प पेपर कशासाठी?

दुसरे उत्तर असे, ‘बांध तुमच्याच गावासाठी आहे, तुमचेही घर वाचले, मग पैसे कसले मागता?’ घर वाचले हे खरे आहे. पण घर शेजाऱ्याचेही वाचले, ज्याचे वावर नदीपासून दोन किलोमीटरवर आहे आणि ज्याची हातभरही जागा गेली नाही. गावच्या तीनशे उंबरठ्यांचे रक्षण होते आणि त्याची किंमत नदीकाठची पाच-सहा कुटुंबे भरतात. गाव श्रीमंत असो की गरीब, हे वाटप चूकच आहे. सगळ्यांच्या संरक्षणाचा खर्च सगळ्यांच्या करातून व्हायला हवा. भिंतीचे सिमेंट आपण गावच्या एका माणसाकडून फुकट घेत नाही, मग जमीन का घ्यायची?

आणि संमती म्हणजे काय, हेही एकदा तपासले पाहिजे. हिमाचल प्रदेशातल्या विद्यादेवी नावाच्या बाईंची जमीन १९६७-६८ मध्ये रस्त्यासाठी घेतली गेली होती, संपादन न करता. सरकारचे म्हणणे होते की त्यांची तोंडी संमती होती आणि इतकी वर्षे त्या बोलल्या नाहीत. सर्वोच्च न्यायालयाने जानेवारी २०२० मध्ये दोन्ही म्हणणी नाकारली आणि मोबदला द्यायला लावले. संविधानाच्या कलम ३००-अ प्रमाणे कायद्याच्या अधिकाराशिवाय कोणालाही मालमत्तेपासून वंचित करता येत नाही. आपल्याच राज्यात औद्योगिक विकास महामंडळासाठी १९६४ मध्ये गेलेल्या जमिनीबाबत तुकाराम काना जोशी यांच्या प्रकरणातही न्यायालयाने उशीर झाला म्हणून हक्क मरत नाही असेच धरले. अर्थात आमच्याकडे तोंडी नाही, लेखी संमती आहे, आणि म्हणून सरकारी वकील उद्या ती पुढे करतील हे मला ठाऊक आहे. पण तीन मीटरची संमती पंधरा मीटरला कशी पुरेल? आणि मोबदल्याचा हक्क आहे हेच ज्याला सांगितले नाही, त्याने तो सोडून दिला असे कसे मानायचे?

आता मातीकडे येतो. बांधाला माती लागते आणि ती लांबून आणली तर वाहतूक महाग पडते. म्हणून ती जवळच्या वावरातूनच काढली गेली. आमच्या गटात नदीच्या अंगाला दोन मोठे खड्डे आहेत. माणूसभर खोल. हिवाळ्यापर्यंत त्यांत पाणी असते, नंतर चिखल, उन्हाळ्यात भेगा. वरची कन्हार माती गेली, खालचा पिवळा मुरमाड थर उघडा पडला. तिथे पुन्हा मिरची होणे नाही. या मातीच्या प्रत्येक ब्रासमागे कंत्राटदाराकडून गौण खनिजाचे स्वामित्वधन महसूल खात्याकडे जमा करून घेतले जाते. म्हणजे माती आमच्या वावरातली, तिचे पैसे सरकारला, आणि खड्डा आमच्या वाट्याला. २०१३ च्या कायद्यात कलम ८१ आहे. सार्वजनिक कामासाठी पडीक किंवा शेतजमीन जास्तीत जास्त तीन वर्षे तात्पुरती ताब्यात घेता येते, त्याचा मोबदला ठरवावा लागतो, आणि परत करताना झालेल्या नुकसानीची भरपाई द्यावी लागते. जमीन पूर्वीच्या उपयोगाला कायमची निकामी झाली असेल, तर मालकाच्या मागणीवरून सरकारने ती संपादित केली पाहिजे असेही पुढच्या कलमात आहे. मातीच्या खड्ड्यांसाठी याहून नेमके कलम कोणते असेल? तरी ते वापरलेले मी माझ्या नोकरीत पाहिलेले नाही.

सगळ्यांत जास्त नुकसान मात्र बांधाखालच्या जमिनीचे नाही आणि खड्ड्यांचेही नाही. ते बांध आणि नदी यांच्या मधल्या पट्ट्याचे आहे, आणि त्याबद्दल कोणी बोलतच नाही. बांध नव्हता तेव्हा पुराचे पाणी सगळ्या शिवारात पसरायचे. गुडघाभर चढायचे आणि उतारावरून निघून जायचे. जाताना गाळ ठेवून जायचे, तो गाळ पुढच्या पिकाला लागायचा. आता गावाच्या बाजूला बांध आहे, म्हणून तेच पाणी नदी आणि बांधाच्या मधे कोंडते. जास्त चढते, जास्त जोराने वाहते, जास्त वेळ थांबते. जिथे गाळ बसायचा तिथे वाळू बसते. आमची तूर तिथे उभी राहत नाही. धुरे वाहून गेले आहेत, ते पुन्हा बांधले तरी टिकत नाहीत, आणि धुराच नाही म्हटल्यावर शेजाऱ्याशी हद्दीची कुरबूर. बांध ओलांडून बैलगाडी किंवा ट्रॅक्टर नेण्यासाठी रॅम्प ठेवलेला नाही, त्यामुळे पांदण रस्त्याने अर्ध्या कोसाचा वळसा घालून जावे लागते.

गावाचे घर कोरडे राहते ते या पट्ट्यात पाणी कोंडते म्हणून. पाणी कुठेतरी जाणारच आहे, आपण फक्त ते कुठे जाऊ द्यायचे हे ठरवतो. हा निर्णय सरकारचा आहे, निसर्गाचा नाही. २०१३ च्या कायद्याचे कलम २८ मोबदला ठरवताना दोन गोष्टी पाहायला सांगते : संपादनामुळे उरलेली जमीन तुटून वेगळी पडली तर होणारे नुकसान, आणि संपादनामुळे मालकाच्या इतर मालमत्तेला पोचलेली बाधा. नदीकडच्या पट्ट्याला हे दोन्ही लागू पडते. पण हे कलम संपादन झाले तरच उघडते. विनामोबदला संमतीपत्राने नेमके हेच दार बंद होते. म्हणून मी म्हणतो की त्या शंभर रुपयांच्या कागदाने १८ आर गेले नाहीत, त्याच्या कितीतरी पट जमिनीचा दावा गेला.

जे बांध आणि भिंतींबाबत खरे आहे ते गोसीखुर्दच्या काठाला लोकांनी आधीच भोगले आहे. १९८८ मध्ये भूमिपूजन झालेल्या त्या धरणाची पूर्ण जलसंचय पातळी २४५.५० मीटर. संपादनाची रेषा कागदावर एक आणि फुगवट्याचे पाणी प्रत्यक्षात त्याच्या पलीकडे, अशी तक्रार कुही तालुक्यापासून भंडाऱ्यापर्यंत ऐकायला मिळते. वावर बुडत नाही पण वाट बुडते, मग ते वावर असून नसल्यासारखे. पाणी कुठवर जाते हे आधी नीट मोजले नाही की पुढे वर्षानुवर्षे अर्ज चालतात. नाग नदीही शेवटी कन्हानला आणि कन्हान वैनगंगेला मिळते. शहरातून पाणी लवकर बाहेर काढले की ते खालच्या अंगाला कोणाच्या तरी शेतात लवकर पोचते. नागपूरच्या भिंतींचा विचार करताना कुहीच्या शेतकऱ्याचा विचार त्याच टेबलावर व्हायला हवा.

शहरात प्रश्न थोडा वेगळा आहे आणि तिथे मी सरसकट मोबदला मागणार नाही. निळी पूररेषा पंचवीस वर्षांतून एकदा येणाऱ्या पुराची आणि लाल पूररेषा शंभर वर्षांतून एकदा येणाऱ्या पुराची धरतात. नदीपात्र आणि निळ्या रेषेच्या मधे बांधकामाला मनाई आहे. ही मनाई योग्य आहे. जिथे घर बांधणे जिवावरचे आहे तिथे ‘मला बांधू दिले नाही’ म्हणून पैसे मागता येणार नाहीत. आणि ज्यांनी नाल्यात भराव टाकून बांधले, नाल्यावर स्लॅब टाकून दुकाने काढली, त्यांच्या बांधकामाचे पैसे जनतेने देऊ नयेत, मग ते कितीही मोठे असोत. पण नदी रुंद करायला, भिंतीच्या पायाला, यंत्र चालवायच्या रस्त्याला एखाद्याच्या रीतसर खरेदीच्या भूखंडातून पट्टा घेतला, तर तो पट्टा विकत घेतला पाहिजे.

इथे नागपूरचा एक खास गुंता आहे. ‘५७२’ आणि ‘१९००’ या आकड्यांनी ओळखल्या जाणाऱ्या, परवानगीशिवाय पाडलेल्या ले-आउटमधले हजारो भूखंड. लोकांजवळ रजिस्ट्री आहे, मालमत्ता कर भरतात, कित्येकांनी नागपूर सुधार प्रन्यासकडे विकास शुल्कही भरले, पण आरएल म्हणजे भूखंड नियमित केल्याचे पत्र हातात नाही. नाल्याकाठचे भूखंड बहुतेक अशाच ले-आउटमध्ये, कारण स्वस्त मिळाले ते तेच. नाला रुंद करताना अशा माणसाला ‘तुमचा भूखंड नियमितच नाही’ म्हणून मोकळ्या हाताने परत पाठवायचे, हे मला मान्य नाही. शुल्क घेताना जो भूखंड दिसत होता तो मोबदला देतानाही दिसला पाहिजे.

नगररचना कायद्यात जमीन घेण्याचे तीन मार्ग आहेत : वाटाघाटीने, हस्तांतरणीय विकास हक्क म्हणजे टीडीआर किंवा जादा चटईक्षेत्र देऊन, किंवा संपादनाने. महापालिकांना टीडीआर आवडतो कारण तिजोरीतून काही जात नाही. बिल्डरला तो चालतो. पंधराशे फुटांच्या भूखंडावर घर बांधून राहणाऱ्या, पेन्शनवर जगणाऱ्या माणसाला त्यातला दोनशे फुटांचा टीडीआर देऊन काय उपयोग? तो कोणाला विकणार, कोणत्या भावाने? लहान भूखंडधारकाला रोख रकमेचा पर्याय असलाच पाहिजे आणि तो कोणता हवा हे त्याने ठरवावे.

आता वरच्या अंगाचे, जे मला सगळ्यांत महत्त्वाचे वाटते. नाग नदी लाव्याच्या टेकड्यांतून निघते आणि वाडीकडून अंबाझरीत येते. अंबाझरी हे १८७० चे धरण. ते बांधले तेव्हा वर काय होते आणि आता काय आहे हे अमरावती रोडने जाणाऱ्या कोणालाही दिसते. गोदामे, ले-आउट, फरशी लावलेली अंगणे. पूर्वी जे पाणी वावरांत मुरायचे ते आता तासाभरात तलावात येते. अजून तिथे थोडी मोकळी जमीन उरली आहे, खोलगट, नाल्यालगतची, पावसाळ्यात पाणी धरणारी. ती सगळी खासगी आहे. तिचा भाव आता एकराने सांगत नाहीत, फुटाने सांगतात. तिचा मालक ती मोकळी का ठेवेल? तो मुरूम टाकून ती उंच करेल, प्लॉट पाडेल आणि विकेल. त्याला दोष देता येत नाही, त्याच्याही घरी मुलामुलींची लग्ने आणि शिक्षणे आहेत. प्लॉट पडले की त्या जागेत थांबणारे पाणी खाली अंबाझरी ले-आउटमध्ये उतरते.

अशा जमिनीसाठी सरकारने पूर्ण संपादनच केले पाहिजे असेही नाही. अमेरिकेत मिसिसिपी नदीच्या काठी बर्ड्स पॉइंट ते न्यू मॅड्रिड हा सुमारे १ लाख ३० हजार एकरांचा पट्टा आहे. मोठा पूर आला की बांध फोडून तिथे पाणी सोडायचे, असे ठरवून सरकारने काही दशकांपूर्वीच तिथल्या मालकांकडून पाणी सोडण्याचा हक्क विकत घेतला. जमीन मालकाकडेच राहिली, पीकही तोच काढतो. मे २०११ मध्ये कैरो नावाचे गाव वाचवायला तो बांध खरोखर फोडला. शेतकऱ्यांनी तेव्हा आरडाओरड केलीच, नुकसान फार झाले होते, पण हक्क आधी विकत घेतलेला होता आणि कोणाच्या जमिनीत पाणी जाणार हे सगळ्यांना वर्षानुवर्षे माहीत होते. आपल्याकडे याचे साधे रूप करता येईल. लावा, वाडी, दवलामेटी, हिंगणा रोड या भागातल्या पाणी थांबणाऱ्या जमिनी मोजायच्या, त्यांच्या मालकांशी नोंदणीकृत करार करायचा की जमीन उंच करणार नाही आणि प्लॉट पाडणार नाही, आणि त्यासाठी एकरकमी मोबदला किंवा दरवर्षी भाडे द्यायचे. पाणी साचून पीक गेले तर त्या वर्षीची भरपाई वेगळी. कराराची नोंद सातबाऱ्याच्या इतर हक्कांत घ्यायची, म्हणजे पुढे विकत घेणाराही बांधील राहील. खर्च होईल. पण २०२३ च्या पुरानंतर घरटी १० हजार आणि दुकानदारांना ५० हजारांपर्यंत मदत द्यावी लागली, शिवाय पूल आणि भिंती नव्याने बांधाव्या लागत आहेत. तोही खर्चच आहे, आणि तो पुन्हा येऊ शकतो.

मला प्रशासनाकडून हवे आहे ते फार अवघड नाही. पूरसंरक्षणाच्या कोणत्याही कामाची निविदा काढण्याआधी संयुक्त मोजणी व्हावी, आणि मोजणीत माथ्याची नव्हे तर पायथ्याची रुंदी धरावी. मातीचे खड्डे कोणत्या गटात पडणार हे नकाशावर दाखवावे. बांधाच्या नदीकडच्या बाजूला किती जमीन राहते आणि तिथे पाणी किती चढेल, हे काम आखणाऱ्या अभियंत्याला माहीत असतेच, ते मालकालाही लेखी कळवावे. अंदाजपत्रकात भूसंपादनाची ओळ निरंक असेल तर ते काम तांत्रिक मंजुरीसाठी स्वीकारूच नये. विनामोबदला संमतीपत्रे घेणे बंद व्हावे. ज्याला खरोखरच गावासाठी जमीन दान द्यायची असेल त्याने मोबदल्याचा आकडा कळल्यावर, नोंदणीकृत बक्षीसपत्राने द्यावी. गावात अशी मोठ्या मनाची माणसे आहेत, ती पुढे येतीलच.

आणि जी कामे झाली आहेत त्यांचे काय? कन्हान, पेंच, नाग आणि पिली नदीच्या काठांवर अशा संमतीपत्रांनी किती बांध आणि भिंती उभ्या आहेत याची यादी जिल्हा प्रशासनाने करावी. गटनंबर, प्रत्यक्ष गेलेले क्षेत्र, संमतीपत्रात लिहिलेले क्षेत्र, असे तीन रकाने पुरेत. ती यादी ग्रामपंचायतीच्या फलकावर लावावी आणि हरकती घ्याव्यात. मोजणीसाठी माणसे कमी पडत असतील तर माझ्यासारखे निवृत्त भूकरमापक जिल्ह्यात बरेच आहेत. आम्ही हे काम मानधन न घेता करू, सूचना मिळाली की दुसऱ्या दिवशी हजर होऊ.

नदीकाठच्या शेतकऱ्यांना एवढेच कळवायचे आहे की संमतीपत्राची प्रत तुमच्याजवळ नसेल तर संबंधित कार्यालयाकडे माहिती अधिकारात मागा, बांधाच्या पायथ्याची रुंदी स्वतः टेपने मोजा, खड्ड्यांचे फोटो तारखेसह काढून ठेवा, आणि बांध ज्या गटातून गेला त्याचा मोजणीचा अर्ज तालुक्याच्या भूमी अभिलेख कार्यालयात टाका. ‘क’ प्रत हातात आल्यावरच पुढचा अर्ज करता येईल.

आपला नियमित वाचक,
एक निवृत्त भूकरमापक
मानेवाडा, नागपूर